हाचिकोच्या गोष्टीमागचा लेखक

टोकियोला आलेले आपले नातेवाईक शिबुया स्टेशनबाहेरच्या हाचिको कुत्र्याच्या पुतळ्याजवळ फोटो काढल्याशिवाय परत जात नाहीत. मालक गेल्यावरही वर्षानुवर्षं त्याची वाट पाहणाऱ्या या कुत्र्यावर १९८७ मध्ये जपानी चित्रपट आला. त्यावरून २००९ मध्ये रिचर्ड गेअरचा इंग्रजी चित्रपट निघाला. मूळ जपानी पटकथा लिहिणारे कानेतो शिंदो मात्र आपल्याकडे फारसे कुणाला ठाऊक नाहीत.

शिंदो हिरोशिमाकडचे, जन्म १९१२ चा. वडील दुसऱ्याच्या कर्जाला जामीन राहिले आणि घरची जमीन गेली. सिनेमात ते शिरले फिल्म धुण्याच्या खात्यातून. नामवंत दिग्दर्शक मिझोगुचींना पटकथा दाखवली, तर ही पटकथाच नव्हे, नुसती गोष्ट आहे, असं ऐकावं लागलं. पत्नीने धीर दिला आणि ते पुन्हा अभ्यासाला बसले. ती १९४३ मध्ये क्षयाने गेली. १९५१ मध्ये दिग्दर्शक म्हणून केलेला पहिला चित्रपट तिच्याच आठवणीवर होता.

त्याआधी, १९५० मध्ये, मोठ्या स्टुडिओची नोकरी सोडून त्यांनी मित्रांबरोबर स्वतःची संस्था काढली होती. आम्ही आयटीवाले असले बेत चहापुरतेच करतो. घराचा हप्ता आठवला की गप्प बसतो! शिंदोंनी १९५२ मध्ये अणुबॉम्बनंतरच्या हिरोशिमावर चित्रपट काढला. पण १९६० पर्यंत संस्था बुडायच्या बेताला आली. तेव्हा मूठभर माणसं घेऊन त्यांनी एका लहानशा बेटावर ‘हादाका नो शिमा’, म्हणजे ‘उघडं बेट’, केला.

बेटावर एक शेतकरी कुटुंब, आणि गोडं पाणी अजिबात नाही. नवरा-बायको होडीने पलीकडे जातात आणि खांद्यावर कावड घेऊन चढ चढत रोपांना पाणी घालतात. दोनशेहून अधिक पटकथा लिहिणाऱ्या या माणसाने इथे संवाद जवळजवळ ठेवलेलेच नाहीत.

आम्ही लातूरकडचे. २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आलं, ते आमचंच लातूर. आई इकडे आली होती तेव्हा तिच्यासोबत हा चित्रपट पाहिला. बायकोच्या हातून बादली सांडते आणि नवरा तिला थोबाडीत मारतो. आई एवढंच म्हणाली, “पाणी सांडलं की आमच्याकडं पण हेच व्हायचं रे.” कुणाच्या घरी, हे मी विचारलं नाही. तिनेही सांगितलं नाही.

१९६१ मध्ये मॉस्को महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. साठेक देशांत तो विकला गेला आणि संस्थेचं कर्ज फिटलं.

१९४४ मध्ये शिंदोंना सैन्यात घेतलं होतं. तुकडीत १०० जण. कुणी कुठे जायचं हे चिठ्ठ्या टाकून ठरे. त्यातले सहाच वाचले. ही गोष्ट त्यांनी ‘पोस्टकार्ड’ या शेवटच्या चित्रपटात सांगितली. तो २०११ मध्ये लागला, तेव्हा ते ९९ वर्षांचे होते. २०१२ च्या मे महिन्यात, शंभरी गाठून, ते गेले.

आई-वडील इकडे आले की संध्याकाळी त्यांना काय दाखवायचं, हा आपला नेहमीचा प्रश्न. ‘उघडं बेट’ शेजारी बसून पाहा. भाषेची अडचण येत नाही, आणि कधीकधी घरातलं न बोललेलं काहीतरी ऐकायला मिळतं.