ज्याचं आरसी बुक आहे ते सुटतं

शहाडजवळच्या एका पोलीस ठाण्याच्या आवारात जप्त डंपरच्या हौद्यात वीतभर गवत उगवलेलं दिसलं, म्हणून मी थांबलो. शेजारी वाळूसह पकडलेल्या दुसऱ्या डंपरच्या केबिनमध्ये त्याचा ड्रायव्हर मुक्काम ठोकून होता. उभ्या गाडीची आधी बॅटरी जाते, मग डिझेल, मग स्टेपनी. "गेली तर शेठ माझ्याच पगारातून कापणार," तो म्हणाला. केबिनमध्ये डिझेलचा आणि ओल्या गाळाचा मिळून एक वास होता. मी घरी आल्यावरही तो माझ्या शर्टाला येत राहिला.

"दोन लाख," तो म्हणाला. थोड्या वेळाने पुन्हा, "साहेब, दोन लाख."

आकडा खरा आहे. गौण खनिजाच्या नियमांत २०१८ साली दुरुस्ती झाली, तेव्हापासून ट्रॅक्टरला एक लाख, डंपरला दोन लाख आणि पोकलेनला साडेसात लाख असे दंडाचे दर ठरलेत. हे झालं फक्त गाडीचं. हौद्यातल्या वाळूचा दंड वेगळा: महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ४८(७), बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. म्हणून पंचनाम्यात किती ब्रास लिहिलेत यावर सगळा जीव अडकलेला असतो. एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट. ती मोजतात रात्री, टॉर्चच्या उजेडात, टेपने.

पुढचे टप्पे रुक्ष आहेत. नोटीस, खुलासा, तहसीलदारांचा आदेश, चलन. मग प्रांतांपुढे बंधपत्र: ही गाडी पुन्हा अशा कामाला लावणार नाही. त्याची रक्कम गाडीच्या बाजारभावापर्यंत असू शकते. उल्हासनगरला टायपिंग करणाऱ्या बाईंच्या टेबलाशी शेठ बसले होते, मी मागच्या बाकावर.

"शेठ, गाडीची किंमत काय टाकू?"

"कमीच टाका, मॅडम. जुनी आहे."

"फायनान्सवाल्याला पण जुनीच सांगितली होती का?"

शेठ हसले, पण हप्त्याचा विषय निघाल्यावर हसू गेलं. गाडी उभी असली तरी हप्ता उभा राहत नाही. त्यांच्याविषयी मला फारशी कणव वाटली नाही, तरी त्या क्षणी त्यांचा चेहरा खरा वाटला.

दंड भरला की गाडी सुटली, असं मात्र नाही. पोलिसांत चोरीचा गुन्हा दाखल असेल तर ती मुद्देमाल होते, आणि महसूलचं पत्र दाखवून ठाण्यातून बाहेर निघत नाही. वाळूची चोरी ही खनिज कायद्यापलीकडे स्वतंत्र चोरीही ठरते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट केलं आहे. मग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा, पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४५७ खाली, जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेच्या ५०३ खाली. तपास अधिकाऱ्याचा अहवाल येतो, सरकारी वकिलांचं म्हणणं येतं, आणि सुपूर्तनाम्यावर गाडी मिळते. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची. सुंदरभाई देसाई खटल्यात २००२ मध्येच न्यायालयाने बजावलं होतं की मुद्देमाल ठाण्यात पंधरा दिवस ते महिना, त्यापुढे पडून राहू नये. आवारातल्या गवताला हे कुणी कळवलेलं दिसत नव्हतं.

याच शहाडच्या उल्हास नदीवर थोडं खाली, कल्याणच्या खाडीत, महसूलची पथकं बार्ज आणि सक्शन पंप पकडतात तेव्हा अनेकदा तिथल्या तिथे गॅस कटरने कापून टाकतात. बार्ज ओढून आणायचा कुठे, हे त्यांचं म्हणणं मला पटतं. पण ज्याचं आरसी बुक आहे, विमा आहे, फायनान्स कंपनीचा बोजा आहे, ते सुटतं. बाकीच्याचं भंगार होतं. आणि ज्या पात्रातून ठाणे-भिवंडीला पाणी देणारी शहाड-टेमघर योजना पाणी उचलते, त्या पात्राच्या वतीने त्या टेबलाशी कुणीच अर्ज टाईप करून घेत नव्हतं. वाळू ज्या बांधकामावर निघाली होती, त्या बिल्डरचं नावही कागदांत मला कुठे दिसलं नाही. ड्रायव्हरचं होतं, सगळ्यात वर, आरोपी क्रमांक एक.

गाडीचा आदेश आला त्या दिवशी वाळू महसूलच्या ताब्यात उतरवून घेतली. तिचा आता लिलाव होणार. ड्रायव्हर जामिनावर आहे, त्याला पुढची तारीख मिळाली. शेठ मात्र तहसीलच्या कारकुनाजवळ घुटमळत होते. लिलावातली वाळू उचलायला पास मिळतो ना, आणि घेणाऱ्याने भाड्याची गाडी लावली तर चालते ना, एवढंच त्यांना विचारायचं होतं.