मंद आचेवरचा क्रॉक-मस्यू

पॅरिसच्या कॅफेत दुपारी बसलेल्या माणसाला झटपट पण पोटभरीचं काही हवं असेल, तर तो बहुधा क्रॉक-मस्यू मागवतो. पावाच्या दोन चौकोनी स्लाइस, मधे शिजवलेल्या हॅमची पातळ चकती आणि ग्रुयेर किंवा एमेंताल चीज, वरून बेशामेल हा पांढरा सॉस, त्यावर पुन्हा किसलेलं चीज, आणि मग हे सगळं ओव्हनच्या वरच्या आचेखाली लालसर होईपर्यंत भाजलेलं. विसाव्या शतकाच्या आरंभापासून पॅरिसच्या कॅफेंत रुळलेला हा पदार्थ साहित्यातही शिरला. मार्सेल प्रूस्तच्या सात खंडी कादंबरीचा दुसरा खंड १९१९ साली बाजारात आला आणि त्याच वर्षी त्याला गोंकूर पुरस्कार मिळाला. त्यात समुद्रकाठच्या हॉटेलात आजीची मैत्रीण मादाम द व्हिलपारिसी निवेदक आणि त्याच्या आजीसाठी क्रॉक-मस्यू सांगून ठेवते.

या सँडविचची घरी नक्कल करणं सोपं दिसतं, आणि म्हणूनच ती फसते. पाव करपतो, आतलं चीज कच्चं राहतं, आणि दोन घासांत तोंड ओशट होऊन पुढचा घास नकोसा वाटतो. पहिल्या दोन दोषांवर उपाय मंद आच. तिसऱ्यावर उपाय मोहरी. हॅम, चीज आणि लोणी हे तिन्ही पदार्थ स्निग्ध, त्यातले दोन चांगलेच खारट. त्यांना आंबट-तिखट जोड मिळाली नाही तर उत्तम जिन्नस घालूनही सँडविच अर्धवटच राहतं. म्हणून सोबतच्या सॉसला मी सजावट मानत नाही. सॉस हा पदार्थाचाच भाग आहे आणि तो सँडविचच्या आधी करायला घ्यावा.

पाव आणि आच

फ्रेंच लोक यासाठी पँ-द-मी वापरतात. दूध आणि लोणी घालून, बऱ्याचदा झाकणाच्या साच्यात भाजलेला हा पाव मऊ आणि बारीक जाळीचा असतो. आपल्या बेकरीतला सँडविच ब्रेड त्याच्या जवळचा. स्लाइस साधारण एक सेंटिमीटर जाड हवी. फार पातळ असेल तर चीज झिरपून बाहेर येतं, फार जाड असेल तर उष्णता आत पोचेपर्यंत बाहेरचं काळं होतं. आदल्या दिवशीचा पाव ताज्यापेक्षा चांगला, कारण त्यात ओल कमी असते.

ओल का महत्त्वाची? पावावर जो सोनेरी रंग आणि खमंग वास येतो, त्यामागची रासायनिक क्रिया लुई-कामीय मेयार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये मांडली. प्रथिनांमधली अमिनो आम्लं आणि साखर उष्णतेने एकमेकांशी जोडली जातात आणि त्यातून शेकडो नवे स्वाद तयार होतात. ही क्रिया साधारण १४० अंश सेल्सिअसच्या पुढे जोर धरते. पृष्ठभागावर पाणी असेपर्यंत तिथलं तापमान १०० च्या फारसं वर जात नाही, म्हणून आधी ओल उडावी लागते, मगच रंग धरतो. गॅस मोठा केला तर रंग झटकन येतो खरा, पण तोवर आतलं चीज जेमतेम कोमट झालेलं असतं. शिवाय लोण्यातला दुधाचा घन भाग मोठ्या आचेवर लगेच जळतो आणि कडवटपणा येतो.

जाड बुडाचा तवा मध्यमपेक्षा थोड्या कमी आचेवर ठेवावा. लोणी तव्यावर न टाकता पावाच्या बाहेरच्या बाजूला, कडेपर्यंत, एकसारखं लावावं. सँडविच तव्यावर ठेवल्यावर हलकी चुरचुर ऐकू आली पाहिजे. चर्र असा मोठा आवाज आला तर तवा जास्त तापला आहे. पहिली बाजू चार-पाच मिनिटं घेते. पहिली दोन मिनिटं काहीच घडत नाही असं वाटतं. मग कडेला लोण्याचे बारीक बुडबुडे दिसतात, वाफ कमी होते आणि भाजलेल्या पिठाचा वास सुटतो. तेव्हा उलथन्याने कोपरा उचलून पाहावा. रंग सगळीकडे सारखा, मधासारखा आला असेल तरच उलटावं.

मुंबईच्या सँडविचवाल्याकडे लांब दांड्यांचा, बिजागरीचा टोस्टर असतो. तो मिटून थेट आचेवर धरतात. फ्रान्समध्येही क्रॉक-मस्यूसाठी अशीच मिटणारी पकड असते. तिच्यात कडा दाबल्या जातात आणि चीज आतच राहतं. तुमच्याकडे टोस्टर असेल तर तो जरूर वापरा, फक्त आच कमी ठेवा.

चीज वितळतं कसं

दुधाला विरजण आणि रेनेट लावून केलेल्या चीजमध्ये केसीन या प्रथिनाचं जाळं कॅल्शियमने बांधलेलं असतं आणि त्यात स्निग्धांश अडकलेला असतो. तापवल्यावर साधारण ३० अंशांच्या पुढे स्निग्धांश मऊ पडतो, ६० च्या आसपास जाळं सैल होतं आणि चीज वाहू लागतं. त्याहून फार तापवलं तर प्रथिनं आक्रसतात, तेल सुटतं आणि मागे रबरासारखा गोळा उरतो. मंद आचेची गरज इथेही आहे. पनीर मात्र कितीही तापवलं तरी वितळत नाही. ते गरम दुधात आम्ल घालून फाडलेलं असतं, त्यामुळे जाळ्यातलं बरंच कॅल्शियम निघून गेलेलं असतं आणि प्रथिनं एकमेकांना घट्ट धरून बसतात.

क्रॉक-मस्यूसाठी स्विस ग्रुयेर किंवा फ्रान्सच्या जुरा डोंगराळ भागातलं कोंते उत्तम. कोंतेची एक चकती साधारण चाळीस किलोची, तिला सुमारे चारशे लिटर दूध लागतं आणि ती किमान चार महिने मुरवावी लागते. त्या मुरण्यातून येणारी सुक्या मेव्यासारखी चव या सँडविचला खोली देते. ही चीज महाग आहेत आणि सगळीकडे मिळत नाहीत. त्याऐवजी साधं चेडार आणि मोझरेला निम्मे-निम्मे घ्यावं. चेडारने चव येते, मोझरेलाने तार. क्यूबमध्ये मिळणाऱ्या प्रक्रिया केलेल्या चीजमध्ये सोडियम सायट्रेटसारखे क्षार असतात. ते कॅल्शियम बांधून ठेवतात, म्हणून हे चीज तेल न सोडता गुळगुळीत वितळतं, पण चव सौम्य राहते. चीज नेहमी घरीच किसावं. तयार किसलेल्याला चिकटू नये म्हणून स्टार्च लावलेला असतो, त्यामुळे ते नीट एकजीव होत नाही.

हॅम

पारंपरिक निवड म्हणजे जाँबों द पारी. डुकराच्या मागच्या मांडीचं हाड काढून, मिठाच्या पाण्यात मुरवून, मंद उष्णतेवर शिजवलेलं हॅम. त्याचा गुलाबी रंग मुरवणीतल्या नायट्राइटमुळे टिकतो, नाहीतर शिजल्यावर मांस राखाडी झालं असतं. आपल्याकडे मोठ्या शहरांत आणि गोव्यात कोल्ड स्टोरेजच्या दुकानांत शिजवलेल्या हॅमच्या चकत्या मिळतात. त्यांना बरंच पाणी सुटतं, म्हणून सँडविचमध्ये घालण्याआधी कोरड्या कागदाने टिपून घ्याव्यात. तेवढ्या ओलीनेही पाव आतून लिबलिबीत होतो. पाकीट फोडल्यावर हॅम फ्रिजमध्ये ठेवून तीन-चार दिवसांत संपवावं.

मोहरी, फेसलेली

मोहरीचा अख्खा दाणा चावला तर सुरुवातीला फक्त कडसर लागतो. तिचा झणका दाण्यात तयार नसतो. दाण्यात सिनिग्रिन नावाचं द्रव्य आणि मायरोसिनेज नावाचं विकर वेगवेगळ्या कप्प्यांत असतात. दाणा फुटून पाणी मिळालं की दोन्ही एकत्र येतात आणि नाकात चढणारं तिखट तेल तयार होतं. फोडणीत तडतडलेली मोहरी खमंग लागते पण झोंबत नाही, कारण उकळत्या तेलात ते विकरच मरतं. उलट लोणच्यासाठी मोहरीची डाळ थोड्या पाण्यात फेसताना भांड्यावर तोंड नेलं की डोळ्यांतून पाणी येतं. गोव्यात आंब्याच्या सासवात ओल्या खोबऱ्याबरोबर वाटलेली मोहरी जी चव देते, तीही याच क्रियेतून.

दिजों मोहरी म्हणजे हेच फेसणं, आंबट रसात. १८५६ मध्ये दिजोंच्या जाँ नेजोंने व्हिनेगरऐवजी कच्च्या द्राक्षांचा आंबट रस वापरला आणि तिची चव मऊ झाली, असं सांगतात. आंबटपणा झणका टिकवतो. नुसत्या पाण्यात फेसलेली मोहरी काही तासांत बोथट होते. फ्रान्सला लागणारी बहुतेक तपकिरी मोहरी कॅनडातून येते. २०२१ च्या दुष्काळाने तिथलं पीक बुडालं आणि २०२२ मध्ये फ्रान्सच्या दुकानांत दिजों मोहरी मिळेनाशी झाली. भारतात पिकणारी बहुतेक मोहरी त्याच तपकिरी जातीची आहे, म्हणून बाटली मिळाली नाही तरी आपलं अडत नाही.

कृती, दोन सँडविचसाठी

पॅरिसमध्ये मोहरी पावाला आतून लावतात आणि बेशामेल वर पसरतात. घरी दोन्ही एकत्र करून वाटीत घ्यावं आणि सँडविच त्यात बुडवून खावं. वरची बाजू कुरकुरीत राहते आणि सॉस किती घ्यायचा हे खाणाऱ्याच्या हातात राहतं.

सॉस: १५ ग्रॅम लोणी वितळवून त्यात १५ ग्रॅम मैदा दोन मिनिटं परता. रंग बदलू देऊ नका. २०० मिलिलिटर दूध थोडंथोडं घालत घोटा, म्हणजे गुठळ्या होणार नाहीत. मंद आचेवर पाच मिनिटं शिजवून, चमच्याच्या पाठीवर थर धरेल इतकं दाट झालं की गॅस बंद करा. चिमूटभर जायफळ आणि मिरपूड घाला. थोडं निवल्यावर दोन चमचे दिजों मोहरी आणि एक चमचा लिंबाचा रस मिसळा. मोहरी गॅसवर असताना घातली तर झणका उडून जातो. मीठ घालू नका, हॅम आणि चीजमध्ये ते पुरेसं आहे.

दिजों नसेल तर एक मोठा चमचा मोहरीची डाळ बारीक करून दोन चमचे गार पाण्यात फेसा. दहा मिनिटं थांबून चमचाभर व्हिनेगर आणि अर्धा चमचा मध घाला. ही मोहरी सॉसमध्ये आधी निम्मीच मिसळा, चव पाहून वाढवा. हीच मोहरी तीन-चार चमचे चक्क्यात कालवली तर गार सॉसही होतो, आणि गरम सँडविचबरोबर तोही सुरेख लागतो.

सँडविच: चार स्लाइस, शंभर ग्रॅम किसलेलं चीज, हॅमच्या चार पातळ चकत्या. निम्मं चीज खाली, मधे हॅम, उरलेलं चीज वर, म्हणजे दोन्ही पाव वितळलेल्या चीजने हॅमला चिकटतात. बाहेरून मऊ लोणी लावून वर सांगितल्याप्रमाणे भाजा. दुसरी बाजू भाजताना एक मिनिट झाकण ठेवा, मग काढून घ्या. तयार सँडविच ताटलीत न ठेवता जाळीवर ठेवा, नाहीतर वाफेने खालची बाजू मऊ पडते. दोन मिनिटांनी तिरकं कापा.

हॅम न खाणाऱ्या घरांसाठी परतून पाणी आटवलेले मशरूम किंवा बिया काढलेल्या टोमॅटोच्या चकत्या चालतील. फ्रान्समध्येही टोमॅटो घालून क्रॉक करतात. वरून अर्धकच्चं तळलेलं अंडं ठेवलं की त्याला क्रॉक-मादाम म्हणतात, आणि मोहरीचा सॉस त्या पिवळ्या बलकाबरोबर फार छान लागतो. पाव बदला, चीज बदला, हॅम गाळा, पण गॅस वाढवू नका आणि मोहरी गाळू नका. एवढं सांभाळलं तर कोपऱ्यावरच्या बेकरीतल्या पावाचंही चांगलं सँडविच होतं.