पाहणाऱ्याचा डोळा, पाहिल्या जाणाऱ्याचे आयुष्य

भिंतींना कान असतात, असे आपण म्हणतो. जुन्या जपानी घरांत खोल्यांमध्ये बहुधा कागद ताणलेली सरकती दारे असत. त्या कागदाला भोक पडले की भिंतीला डोळाही फुटे. दुसऱ्याच्या आयुष्यात चोरून डोकावण्याचा विषय जपानी कथा-चित्रपटांत म्हणूनच सहज रुजला.

एदोगावा राम्पो यांच्या १९२५ मधील कथेतला कंटाळलेला तरुण भाडेकरूंच्या इमारतीच्या माळ्यावर चढतो आणि फटींतून शेजाऱ्यांना न्याहाळू लागतो. ही चटक अखेर खुनापर्यंत पोहोचते. या कथेवर नोबोरू तानाका यांनी १९७६ मध्ये चित्रपट केला. कॅमेरा फटीला डोळा लावतो, तेव्हा प्रेक्षकही त्या माळ्यावर असतो. मात्र येथे खाली दिसणारी माणसे नट आहेत.

ती खरी असतील तर? १९६४ मध्ये टोकियोच्या जिल्हा न्यायालयाने युकिओ मिशिमा यांच्या एका कादंबरीविरुद्ध निकाल देताना खासगीपणाचा हक्क मान्य केला. माजी परराष्ट्रमंत्री हाचिरो अरिता यांनी, कादंबरीत आपलेच खासगी जीवन उघड केल्याची तक्रार केली होती.

त्यानंतर तीनच वर्षांनी, १९६७ मध्ये, शोहेई इमामुरा यांचा 'निन्गेन जोहात्सु' आला. बेपत्ता झालेल्या एका विक्रेत्याचा शोध त्याची वाग्दत्त वधू घेते. सोबतीला मुलाखतकाराच्या भूमिकेत एक नट. हळूहळू हरवलेला माणूस मागे पडतो आणि कॅमेरा त्या स्त्रीवरच रोखला जातो. काही प्रसंग छुप्या कॅमेऱ्याने टिपलेले आहेत. शेवटाकडे दिग्दर्शकाच्या आज्ञेने खोलीच्या भिंती हटवल्या जातात आणि ते घर नसून स्टुडिओतला सेट असल्याचे उघड होते.

भिंती पडतात, पण त्या स्त्रीने जे बोलून टाकले, ते परत घेता येत नाही. तिने चित्रीकरणाला संमती दिली होती हे खरे. परंतु कॅमेरा कुठे दडला आहे हेच ठाऊक नसेल, तर त्या संमतीला अर्थ किती?

लैंगिक स्वरूपाचे चोरटे चित्रीकरण हा जपानमध्ये २०२३ पासून देशभर लागू असलेल्या कायद्याने गुन्हा ठरला आहे. परंतु माणसाचे दु:ख, प्रेम वा मत्सर चोरून टिपणाऱ्या कॅमेऱ्याला असा कायदा पुरा पडत नाही. तेथे दिग्दर्शकाच्या विवेकाचीच परीक्षा असते. आणि अंधारात बसून पाहणाऱ्या आपलीही.