अमरापूरकर, सदाशिव

(११ मे १९५०–३ नोव्हेंबर २०१४). मराठी नट. रंगभूमी, मराठी-हिंदी चित्रपट आणि दूरचित्रवाणी या तिन्ही क्षेत्रांत चरित्रभूमिकांसाठी ख्यातनाम. अहमदनगर (२०२४ पासून अहिल्यानगर) येथील नाट्यचळवळीत त्यांची जडणघडण झाली. पुणे विद्यापीठातून त्यांनी इतिहास विषयात एम्.ए. ही पदवी मिळविली. 

नायकाच्या रूपाशी वा वयाशी बांधलेला नसून विशिष्ट स्वभावाची व्यक्तिरेखा उभी करणारा नट म्हणजे चरित्र अभिनेता होय. नायक चित्रपटागणिक बहुधा तोच राहतो. चरित्र अभिनेत्याला मात्र दरवेळी निराळे व्हावे लागते. बावीस जून १८९७ (१९७९) या चाफेकर बंधूंवरील मराठी चित्रपटात अमरापूरकरांनी लोकमान्य टिळकांची भूमिका केली. पुढे श्याम बेनेगल यांच्या भारत एक खोज (१९८८) या दूरदर्शन मालिकेत ते जोतीराव फुले झाले. परस्परविरोधी विचारधारांचे हे दोन पुरुष एकाच नटाने साकारावेत, ही गोष्ट लक्षणीय आहे. 

हँड्स अप या मराठी नाटकातील त्यांचे काम पाहून गोविंद निहलानी यांनी त्यांना अर्धसत्य (१९८३) या चित्रपटासाठी निवडले. श्री. दा. पानवलकर यांच्या कथेवरून विजय तेंडुलकरांनी त्याची पटकथा लिहिली होती. ओम पुरी व स्मिता पाटील हे प्रमुख कलावंत होते. (स्मिता पाटील यांचे घराणे खानदेशातील शिरपूरचे.) रामा शेट्टी या गुंडाच्या वाट्याला या चित्रपटात मोजकेच प्रसंग आले आहेत. तोवरचा हिंदी खलनायक बव्हंशी गर्जना करीत असे. रामा शेट्टी आवाज चढवीत नाही. सावकाश, जवळजवळ कंटाळल्यासारखा बोलतो आणि समोरच्या पोलीस अधिकाऱ्याच्या रागाची त्याला गंमत वाटते. कायदा आपले काही बिघडवू शकत नाही, या खात्रीतून आलेली ही शांतताच प्रेक्षकाला अस्वस्थ करते. या भूमिकेबद्दल त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. 

यशाबरोबर साचाही आला. आखरी रास्ता (१९८६), हुकूमत (१९८७) इ. चित्रपटांत त्यांना दुष्टाचेच काम पडले. जर्मन रंगभूमीवर नाव मिळविलेल्या पीटर लोर या नटाची अवस्था अशीच झाली होती. फ्रित्स लांग यांच्या एम (१९३१) या चित्रपटातील बालहत्याऱ्याच्या भूमिकेनंतर हॉलिवूडनेही त्याला दीर्घकाळ संशयास्पद माणसांच्याच भूमिका दिल्या. 

महेश भट्ट यांच्या सडक (१९९१) मधील कुंटणखाना चालविणारी तृतीयपंथी ‘महाराणी’ ही अमरापूरकरांची सर्वांत गाजलेली भूमिका. फिल्मफेअरचे खलनायकी भूमिकेसाठीचे पहिलेच पारितोषिक तिला लाभले. अभिनयाची धिटाई निर्विवाद आहे. तथापि तृतीयपंथी म्हणजे क्रौर्य, हे समीकरण या पात्राने बळकट केले, हेही नाकारता येत नाही. तो दोष मुख्यतः लेखनाचा. त्यानंतर आंखे (१९९३), कुली नंबर वन (१९९५) व इश्क (१९९७) यांत त्यांनी विनोदाकडे मोर्चा वळविला. व्यावसायिक हिंदी चित्रपटांत त्यांच्या शक्तीचा बराच अपव्यय झाला, असे प्रस्तुत लेखकास वाटते. सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांच्या दोघी (१९९५) व वास्तुपुरुष (२००२) या मराठी चित्रपटांतील त्यांचे संयत काम पाहिले म्हणजे हे पटते.

सामाजिक कार्यातही ते सहभागी होत. मार्च २०१३ मध्ये राज्यात दुष्काळ असताना मुंबईतील वर्सोवा भागात होळीनिमित्त चाललेल्या पाण्याच्या नासाडीस त्यांनी हरकत घेतली, तेव्हा त्यांना धक्काबुक्की झाली. त्याच वर्षीच्या बॉम्बे टॉकीज या चित्रपटातील दिबाकर बॅनर्जी यांच्या भागात ते अखेरचे दिसले. सत्यजित राय यांच्या एका कथेवर आधारलेल्या या भागात त्यांनी नायकाच्या दिवंगत नाट्यगुरूची छोटी भूमिका केली आहे. फुप्फुसाच्या विकाराने मुंबई येथे त्यांचे निधन झाले. अंत्यसंस्कार अहमदनगर येथे करण्यात आले.