पोंपेईचें घर आणि भोकरदनचें हस्तिदंत

पनवेलजवळ कळंबोलीच्या नाक्यावर क्षणभर उभें राहिलें, तर घाटावरून उतरणाऱ्या मालमोटारींची रांग दिसते. घाटावरचा माल बंदरीं जावा, हा आपल्या कोंकणचा क्रम फार जुना आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकांत एका ग्रीक व्यापाऱ्यानें लिहिलेल्या सागरवर्णनांत कल्याण बंदराचा, तसाच पैठण आणि तेर या नगरांचा उल्लेख येतो. तो माल ज्या रोमन घरांत पोंचला, तेथें माणसें कशीं राहत होतीं, हें सांगण्याचें काम पुराणवस्तुसंशोधकाचें.

इटलींतील पोंपेई हें नगर इ. स. ७९ मध्यें व्हेसुव्हिअस ज्वालामुखीच्या राखेखालीं गाडलें गेलें. १७४८ सालीं तेथें खोदकाम सुरू झालें, तेव्हां राजाच्या संग्रहासाठीं पुतळे व चित्रें काढून नेण्यावरच सारी दृष्टि होती. पुढें जुझेप्पे फिओरेल्ली यानें ही रीत मोडली. त्यानें नगराचे विभाग पाडले, प्रत्येक दाराला क्रमांक दिला आणि राख वरून खालीं, थराथरानें काढविली. राखेंत मृतदेहांच्या जागीं पोकळ्या उरल्या होत्या. १८६३ सालीं त्यानें त्यांत पातळ प्लास्टर ओतविलें, आणि शेवटच्या क्षणीं तोंड झांकून घेणारीं माणसें जशींच्या तशीं पुढें आलीं. भट्टींतले करपलेले पाव, दुकानांतले रांजण, भिंतींवर खरडलेला मजकूर, यांनाही मग पुतळ्यांइतकेंच मोल आलें.

१९३८ सालीं अमेदेओ मैउरी यांना तेथील एका घरांत सुमारें वीतभर उंचीची हस्तिदंती स्त्रीमूर्ति मिळाली. अंगावर दागिने, दोन्ही बाजूंस दासी. घडण निःसंशय भारतीय. ती आरशाची मूठ होती कीं एखाद्या आसनाचा पाय, याविषयीं मतभेद आहेत. पण ती रोजच्या वापराच्या वस्तूचा भाग असावी, असें बहुतेकांस वाटतें. पुढें १९७३ सालीं जालना जिल्ह्यांतील भोकरदन येथील उत्खननांत अशाच घडणीच्या मूर्तीचा तुटका भाग सांपडला. त्यावरून पोंपेईची मूर्ति मूळची भोकरदनची असावी, असें मत डॉ. म. के. ढवळीकर यांनीं मांडलें. तिच्या तळाशीं खरोष्ठी अक्षर असल्यानें कांहीं विद्वान् तिचें मूळ वायव्येकडे शोधतात. वाद मिटलेला नाहीं. पण तो घालतां येतो, याचें कारण दोन्ही वस्तु कोठें मिळाल्या याची नोंद झाली होती.

हीच गोष्ट ध्यानांत ठेवावयाची. जागेवरून उचललेली वस्तु नुसती शोभेची राहते. जागेची नोंद असली, कीं ती साक्ष देऊं लागते. आपल्याकडे नव्या वसाहतींचे पाये रोज खणले जात आहेत. त्या मातींत जुनीं खापरें, मणी किंवा नाणीं दिसलीं, तर तीं घरीं न नेतां जागच्या जागीं राहूं द्यावीं आणि पुरातत्त्व खात्यास कळवावें. आपल्याच पूर्वजांच्या संसाराची ती कदाचित् एकुलती एक साक्ष असेल.