टेकडीवरचे सोबती

श्रोतेहो, गाव सोडून शहरात गेलेला एखादा बालमित्र आपणा प्रत्येकालाच असतो. तो भेटला की आधी काय विचारतो? "अरे, ती चिंच आहे ना अजून?" याच प्रश्नाच्या जवळपास फिरणारी एक जपानी गोष्ट आज तुम्हाला सांगायची आहे.

टोकियोच्या पश्चिमेला तामा नावाच्या टेकड्या आहेत. रान, शेती आणि लहान वाड्यांचा तो मुलूख. शहरात माणसे मावेनात, तेव्हा १९६५ साली तिथे नवी वसाहत उठवण्याचे ठरले. १९७१ साली पहिली बिऱ्हाडे आली. माणसांना घरे मिळाली हे ठीकच झाले. पण टेकडीवर आधीपासून ज्यांची बिऱ्हाडे होती त्यांचे काय?

इसाओ ताकाहाता यांनी १९९४ सालच्या 'पोम पोको' या चित्रपटात हेच विचारले आहे. हा चित्रपट हातांनी काढलेल्या चित्रांचा. पडद्यावर सेकंदाला २४ चौकटी सरकतात आणि चित्र जिवंत होते. गुरुजींनी वहीच्या कोपऱ्यात पानोपानी थोडी थोडी हललेली चिमणी काढून पाने भरभर सोडून दाखवावीत. मुलांना यातले मर्म तेव्हाच उमगेल.

यातले नायक तानुकी, म्हणजे कुत्र्याच्या कुळातला एक रानटी प्राणी. जपानी लोककथांत तो हवे ते रूप घेतो. रान वाचवायला हे तानुकी एका रात्री नव्या वसाहतीतून भुताखेतांची मिरवणूक काढतात. माणसे भितात का? छे! मजा बघतात. वर एका करमणूक-बागेचा मालक सांगतो, ती तर आमचीच जाहिरात होती! इथे हसू येते, पण ते घशाशी अडकते.

हरल्यावर, ज्यांना रूप बदलता येते ते माणूस होऊन नोकऱ्या धरतात. त्यांतला शोकिची एकदा एका तानुकीला कुंपणाच्या फटीतून आत शिरताना पाहतो. मागोमाग जातो, तो हिरवळीवर जुने सोबती जमलेले, आणि त्यांत लहानपणचा पोनकिची! शोकिची माणसाचे रूप टाकून धावत सुटतो. ती हिरवळ मात्र गोल्फच्या मैदानाची असते.

खुद्द ताकाहातांचीही एक दोस्ती अशीच टिकली. १९६३ साली, पाऊस नुकताच थांबलेला असताना, एका बसथांब्यावर त्यांची हायाओ मियाझाकी या तरुण सहकाऱ्याशी गाठ पडली. पुढे दोघे कैक वर्षे एकत्र राबले, भांडलेही असतील. २०१८ साली ताकाहाता गेले. निरोपाच्या सभेत मियाझाकींनी तो ओला बसथांबाच पुन्हा उभा केला.