एक लाखाची भट्टी, पन्नास हजारांचे गाव

सोलापूरहून बीडकडे जाताना वाशी तालुक्यातल्या सरमकुंडी फाट्यावर पेढ्यांच्या दुकानांपुढे गाड्या थांबलेल्या दिसतात. पाट्यांवर नाव असते कुंथलगिरीचे. कुंथलगिरी शेजारच्या भूम तालुक्यात. देशभूषण आणि कुलभूषण या मुनींचे हे सिद्धक्षेत्र, आणि १९५५ च्या सप्टेंबरात आचार्य शांतिसागर महाराजांनी सल्लेखना घेऊन देह ठेवला तेही इथेच. देशभरातून येणाऱ्या जैन यात्रेकरूंच्या डब्यांतून इथला पेढा लांबच्या गावांना पोचला. पण पेढ्याचा जीव आहे खव्यात, आणि खवा तयार होतो भूम परिसरातल्या गावागावांतल्या भट्ट्यांवर.

भट्टीचे काम जवळून पाहावे. पहाटे धारा काढून झाल्या की किटल्या भट्टीवर येतात. मोठ्या लोखंडी कढईत दूध ओततात, खाली जाळ मोठा. हात थांबवून चालत नाही. उलथन्याने तळ आणि कड सतत खरवडायची, नाहीतर दूध लागते आणि सगळ्या घाण्याला करपट वास येतो. दूध घट्ट होऊन कढईपासून सुटायला लागले की जाळ ओढून कमी करायचा, कारण शेवटच्या काही मिनिटांतच खव्याचा रंग आणि दाणा ठरतो. पाच लिटर गाईच्या दुधाचा साधारण एक किलो खवा पडतो. म्हशीच्या दुधाला उतारा थोडा अधिक. धग, धूर आणि खांद्याची कळ हे कामाचे भागच.

बालाघाटाच्या डोंगराळ, कमी पावसाच्या या भागात शेतीचा भरवसा नसतो. जनावर हाच आधार. दूध काही तासांत नासते, खवा काही दिवस टिकतो. गावात शीतकरणाची सोय नव्हती, शहर लांब, अशा काळात दूध आटवून विकणे ही माणसांनी आपल्या अकलेने काढलेली वाट होती. कोणत्याही योजनेने ती दाखवलेली नव्हती.

अशा धंद्याची राज्यकर्त्यांनी कधी दखल घेतली का, याचा शोध घेताना मी एका व्याख्येपाशी येऊन थांबलो. २३ डिसेंबर १९७७ रोजी जनता सरकारने संसदेत औद्योगिक धोरण मांडले. त्यात लघुउद्योगांतही एक वेगळा, ‘अतिलघु’ गट केला होता: यंत्रसामग्रीतली गुंतवणूक एक लाख रुपयांपर्यंत, आणि गाव १९७१ च्या जनगणनेनुसार पन्नास हजारांहून कमी वस्तीचे. भूमची लोकसंख्या २०११ मध्येसुद्धा वीस हजारांच्या आसपास होती. भट्टी, कढई, किटल्या, वजनकाटा सगळे धरले तरी त्या काळी एक लाख व्हायचे नाहीत. भूमचे नाव त्या कागदात कुठेही नाही, पण व्याख्या भूमच्या मापाची होती.

ते धोरण मांडणारे उद्योगमंत्री होते जॉर्ज फर्नांडिस. जन्म ३ जून १९३० चा, मंगळूरचा. घरच्यांनी पाद्री व्हावे म्हणून धर्मपाठशाळेत घातले. ते सोडून १९४९ मध्ये मुंबईत आले आणि सुरुवातीचे दिवस फुटपाथवर काढले. गोदी कामगारांचे नेते प्लासिड डिमेलो आणि समाजवादी विचारवंत राममनोहर लोहिया हे त्यांचे गुरू. पालिका कामगार, हॉटेल कामगार, टॅक्सीवाले यांच्या संघटना त्यांनी बांधल्या, मराठीत सभा गाजवल्या, आणि १९६७ मध्ये मुंबईचे अनभिषिक्त राजे म्हणवल्या जाणाऱ्या स. का. पाटलांना लोकसभेत हरवले. १९७४ चा रेल्वे संप, आणीबाणीतली भूमिगत लढाई, बडोदा डायनामाइट खटला आणि तुरुंगातून जिंकलेले मुजफ्फरपूर हे सगळ्यांना ठाऊक आहे.

मला त्यांच्या कारकिर्दीतली एक कमी बोलली गेलेली गोष्ट जास्त मोलाची वाटते. टॅक्सीचालकाला कर्ज द्यायला बँका तयार नव्हत्या, म्हणून १९६८ मध्ये ‘बॉम्बे लेबर को-ऑपरेटिव्ह बँक’ उभी राहिली आणि तिच्या उभारणीत फर्नांडिस पुढे होते. रोजंदारीवर दुसऱ्याची गाडी चालवणाऱ्याने स्वतःच्या गाडीचा मालक व्हावे, हा विचार त्यामागे होता. हीच बँक पुढे न्यू इंडिया को-ऑपरेटिव्ह झाली. तिथल्या अपहारानंतर फेब्रुवारी २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने तिच्यावर निर्बंध घातले आणि त्याच वर्षी ती सारस्वत बँकेत विलीन झाली. कष्टकऱ्यांच्या बँकेची अशी अखेर व्हावी, याचे वाईट वाटते. मूळ विचार मात्र खरा होता: संप करणाऱ्या नेत्याला कळले होते की नुसत्या पगारवाढीने माणूस आपल्या पायावर उभा राहत नाही, त्याला भांडवलही लागते.

मंत्री झाल्यावर कोकाकोला आणि आयबीएम यांच्याशी झालेल्या संघर्षामुळे त्यांचे नाव गाजले. धोरणाचा गाभा मात्र वेगळा होता. जे लहान आणि कुटीर उद्योगांना बनवता येते ते त्यांनीच बनवावे, हे त्याचे सूत्र. लघुउद्योगांसाठी राखीव वस्तूंची यादी १९६७ मध्ये ४७ वस्तूंनी सुरू झाली होती. ती १८० वरून पाचशेच्या पुढे गेली आणि वर्गवारी बदलल्यावर ८०७ झाली. यादी नंतरही वाढतच राहिली. मग उदारीकरण आले, १९९७ मध्ये आबिद हुसेन समितीने आरक्षणच काढून टाका असे सांगितले, आणि एप्रिल २०१५ मध्ये शेवटच्या वीस वस्तूही खुल्या झाल्या. लोणचे, पाव, मेणबत्ती, उदबत्ती, वह्या, काचेच्या बांगड्या त्यात होत्या.

या यादीवर मोठा आक्षेप असा की तिने लहानाला लहानच ठेवले. वाढला की सवलत जाणार, मग वाढायचे कशाला? तो आक्षेप मला बराचसा मान्य आहे. भूमच्या भट्टीवरून पाहिले तर आणखी एक उणीव दिसते. मोठ्या कारखान्याला कुंपण घालून खवेवाल्याचा प्रश्न सुटणारा नव्हता. त्याला नडतो तो भेसळीचा स्वस्त माल, सणापुरती मागणी, आणि उधारीवर माल उचलून पैसे लांबवणारा व्यापारी. यातले काहीही राखीव यादीने थांबले नसते.

त्याच धोरणातली दुसरी कल्पना मात्र टिकली. लहान उद्योजकाला कच्चा माल, कर्ज, यंत्रे, बाजार यांसाठी दहा दारे झिजवावी लागू नयेत, सगळे जिल्ह्याच्या ठिकाणी एका छपराखाली मिळावे, म्हणून १ मे १९७८ पासून जिल्हा उद्योग केंद्रे सुरू झाली. फर्नांडिस यांना स्वतःला ती वाढवायला फार वेळ मिळाला नाही. जुलै १९७९ मध्ये लोकसभेत त्यांनी मोरारजी सरकारची जोरदार बाजू मांडली आणि लगोलग राजीनामा देऊन चरणसिंगांकडे गेले. हे पाऊल त्यांच्या चाहत्यांनाही पटले नाही. केंद्रे मात्र राहिली. आज भूममधल्या एखाद्या मुलीला खव्याचे यंत्र घ्यायचे असेल, तर मुख्यमंत्री रोजगार निर्मिती कार्यक्रमाचा तिचा अर्ज धाराशिवच्या याच केंद्रामार्फत जाऊ शकतो. २०१९ मध्ये ही योजना आली तेव्हा उत्पादन प्रकल्पाला पन्नास लाखांपर्यंत मर्यादा होती आणि प्रवर्ग व ठिकाणानुसार १५ ते ३५ टक्के अनुदान.

व्याख्या मात्र भूमपासून दूर गेली. १ एप्रिल २०२५ पासून ‘सूक्ष्म’ उद्योग म्हणजे अडीच कोटींपर्यंत गुंतवणूक आणि दहा कोटींपर्यंत उलाढाल. गावच्या लोकसंख्येची अट केव्हाच गेली. त्यामुळे चार किटल्यांची भट्टी आणि शहरातला कोट्यवधींचा कारखाना एकाच रांगेत उभे राहतात, आणि त्या रांगेत पुढे कोण सरकतो हे सांगायला नको. १९७७ च्या कागदाची मला सर्वात जास्त आठवण येते ती इथे. त्याने गरिबातला गरीब उद्योजक वेगळा काढून त्याच्याकडे बोट दाखवले होते.

हातात असलेली साधने तरी वापरायला हवीत. २००६ च्या कायद्याने सूक्ष्म आणि लघुउद्योगाचे पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत चुकते करणे खरेदीदारावर बंधनकारक आहे; उशीर झाला तर व्याज द्यावे लागते. त्यासाठी भट्टीची ‘उद्यम’ नोंदणी हवी आणि माल दिल्याचे बिल हवे. तोंडी व्यवहारावर हा हक्क सांगणे अवघड. २०२४ मध्ये कुंथलगिरीच्या खव्याला भौगोलिक मानांकन मिळाले. भेसळीच्या मालाला हे नाव लावता येऊ नये, यासाठी हे मोठे हत्यार आहे. पण मानांकन संस्थेच्या नावावर असते. भट्टीवाल्याला ते चिन्ह आपल्या डब्यावर लावायचे तर अधिकृत वापरकर्ता म्हणून वेगळी नोंद करावी लागते. मानांकनाची मुदत दहा वर्षांची, नंतर नूतनीकरण. त्याआधी भूम तालुक्यातल्या प्रत्येक भट्टीची नोंद व्हावी, आणि हे अर्ज भरून घ्यायला जिल्हा उद्योग केंद्राचा माणूस भूमच्या बाजाराच्या दिवशी टेबल मांडून बसावा.